युद्धातून परतून बडोद्याच्या जुन्या बिल्डिंगमध्ये राहायला येताय? आधी जिन्याकडे बघा, मग घराकडे

हे कोणासाठी लिहितेय ते आधी सांगते. परदेशात नोकरी, धंदा किंवा शिक्षण चालू होतं, तिथे लढाई पेटली, हाताला लागेल ते घेऊन निघावं लागलं, आणि आता बडोद्यात मामाचा नाहीतर काकाचा वर्षानुवर्षं कुलूप लावलेला फ्लॅट मिळालाय, किंवा भाडं परवडतं म्हणून तीन-चार मजली जुन्या बिल्डिंगमध्ये सामान टाकलंय, अशा लोकांसाठी. आमच्याच बिल्डिंगमध्ये १९९० ला कुवेतहून आलेलं एक घर आहे, २०२३ मध्ये खार्टुमहून आलेली घरं आहेत, आणि शेजारच्या ब्लॉकमधले सिंधी काका फाळणीनंतर आईवडिलांबरोबर आधी वारसियाच्या वसाहतीत आले होते. नवीन कुणी आलं की आम्ही सगळे त्याला थोडं थोडं सांगत असतो, ते इथे एका जागी लिहून ठेवते.

माझं म्हणणं एकच आहे आणि ते मी परत परत सांगणार आहे. परत आलेला माणूस हातातला पहिला पैसा घराच्या आत घालतो, नवीन टाइल्स, रंग, किचनचा कट्टा, कारण जे गेलं ते लवकरात लवकर परत उभं करायचं असतं, हे मला समजतं. पण जुन्या बिल्डिंगमध्ये ओल धाब्यावरून, म्हणजे गच्चीवरून, उतरते, लाईट जिन्याखालच्या मीटरपेटीतून येते, नळाचं पाणी सगळ्यांच्या एका टाकीतून येतं, आणि ह्यातलं काहीच तुमच्या एकट्याचं नाही. वरची गळती तशीच ठेवून खाली पीओपी केलं तर ते पहिल्या पावसात उतरतं. म्हणून पहिला पैसा आणि पहिला वेळ जिना, धाबं, टाकी आणि मीटरपेटीला द्या. दुसरा फायदा असा की ही कामं एकट्यानं होतच नाहीत, त्यामुळे शेजाऱ्यांशी ओळख आपोआप होते, आणि लढाईतून आलेल्या घराला त्या ओळखीची गरज टाइल्सपेक्षा खूप जास्त असते.

पहिले काही दिवस: झोप आणि कागद

आल्या आल्या मिस्त्री बोलावू नका. झोपा, पोटभर जेवा, मुलांना जेवणखाणाची वेळ लावा. आणि कागद गोळा करा.

कागदांबद्दल एवढं का सांगते त्याला कारण आहे. २ ऑगस्ट १९९० ला इराकनं कुवेतमध्ये सैन्य घुसवलं, आपली माणसं बसनं बगदादमार्गे जॉर्डनमध्ये अम्मानला पोचली आणि तिथून एअर इंडियाच्या विमानांनी मुंबईला आली, दीड लाखाच्या वर लोक आले तेव्हा. नुकसानभरपाई मिळेल असं त्या वेळी कुणाच्या डोक्यातही नव्हतं. पण १९९१ मध्ये संयुक्त राष्ट्रांनी भरपाईसाठी आयोग नेमला, आणि कुवेत सोडल्याचा पुरावा ज्यांच्याकडे होता त्यांना भारत सरकारतर्फे दावा करता आला. फक्त देश सोडावा लागला एवढाच दावा केला तर एकट्या माणसाला ४,००० डॉलर आणि कुटुंबाला ८,००० डॉलर असा ठरलेला आकडा होता, आणि घरातलं सामान, बुडालेला पगार ह्याचे कागद असतील त्यांना वेगळ्या गटात जास्त मागता येत होतं. हे पैसे लोकांच्या हातात पडायला वर्षं लागली. आमच्या कुवेतवाल्या वहिनींनी तिकडच्या पगाराच्या स्लिपा तांदळाच्या डब्यात ठेवल्या होत्या, त्यावरच पुढे त्यांचं काम झालं. तुमच्या लढाईसाठी असं काही होईलच असं नाही, पण झालं तर कागदाशिवाय कुणी उभं करणार नाही.

तेव्हा विमानाचा बोर्डिंग पास, तिकडचा व्हिसा किंवा रेसिडेन्सी कार्ड, नोकरीचं पत्र, पगाराच्या स्लिपा, बँकेचं स्टेटमेंट, घरभाड्याचा करार, दुकानाचं लायसन, मुलांचे मार्कलिस्ट आणि लसीचे कार्ड, मोबाईलमधले घराचे, सामानाचे, गाडीचे फोटो, सगळं एका जागी करा. ओरिजिनल प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये, त्याचे फोटो मोबाईलमध्ये आणि ईमेलमध्ये, आणि एक झेरॉक्स संच दुसऱ्या भागात राहणाऱ्या नातेवाईकाकडे. तळमजल्यावर राहत असाल तर फोल्डर माळ्यावर ठेवा, ऑगस्ट २०२४ च्या विश्वामित्री नदीच्या पुरात तळमजल्याच्या कपाटातले कागद लगदा होऊन निघालेत ते लोकांनी बघितलंय.

पासपोर्ट तिकडेच राहिला असेल आणि दूतावासानं दिलेल्या इमर्जन्सी सर्टिफिकेटवर आला असाल तर ते फक्त घरी पोचण्यापुरतं असतं, नवीन पासपोर्टसाठी अर्ज करावा लागतो, आणि हरवल्याची पोलीस तक्रार त्यासाठी लागते. आधार नसेल तर, भारतीय पासपोर्ट असलेल्या परदेशातून आलेल्या माणसाला १८२ दिवस थांबायची गरज नाहीये, लगेच अर्ज करता येतो. मूल तिकडे जन्मलेलं असेल आणि त्याची नोंद आपल्या दूतावासात केलेली नसेल तर भारतात आल्यापासून ६० दिवसांच्या आत इथे नोंदवता येतं, १९६९ च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात ती सोय आहे आणि ह्याची मुदत लोक हमखास चुकवतात, म्हणून हे काम आधी. बँकेत एनआरई, एनआरओ, म्हणजे परदेशात राहणाऱ्या भारतीयांचं खातं असेल तर कायमचे परत आलात हे बँकेला कळवावं लागतं, हातात परकीय चलन असेल तर ते आरएफसी, म्हणजे परत आलेल्यांसाठीच्या परकीय चलनाच्या खात्यात ठेवता येतं, लगेच रुपये करायची सक्ती नसते.

शाळेचं म्हणाल तर पहिली ते आठवी मुलाला वयाप्रमाणे त्या त्या वर्गात प्रवेश मिळायला पाहिजे आणि टीसी, म्हणजे आधीची शाळा सोडल्याचा दाखला, नाही म्हणून शाळा अडवू शकत नाही, शिक्षणहक्क कायदा २००९ चा आहे, त्याचं नाव घ्या. गुजरातमध्ये २०२३ च्या कायद्यानं पहिली ते आठवी गुजराती विषय सगळ्या शाळांत सक्तीचा आहे, खार्टुमहून आलेल्या मुलांना अरबी, इंग्रजी येते आणि घरी मराठी, गुजराती अक्षर कधी गिरवलेलंच नसतं. ह्यासाठी ट्यूशन शोधण्याआधी बिल्डिंगमधल्या गुजराती मासी (मावशी) नाहीतर बा (आजी) ह्यांना विचारा, संध्याकाळी अर्धा तास त्या आनंदानं घेतात. आमच्याकडे असंच चालू झालं आणि आता त्या बांना दुपारची औषधं आणून द्यायचं काम त्याच मुलांकडे आहे.

भाड्यानं आला असाल तर मालकाकडून भाडेकरार आणि पोलीस स्टेशनला भाडेकरूची नोंद, दोन्ही करून घ्या, पुढे प्रत्येक ठिकाणी पत्त्याचा पुरावा म्हणून तोच करार लागतो.

बिल्डिंग चालून बघा, एकट्यानं नाही

सामान लागलं की रविवारी सकाळी, ऊन चढायच्या आत, सोसायटीचे सेक्रेटरी किंवा जे कोणी जुने राहणारे आहेत त्यांना बरोबर घ्या आणि धाब्यापासून तळापर्यंत चालत या. जुना माणूस बरोबर असला की कुठली भिंत कधी ओली होते, कुठला पाईप कोणी बदलला, कोणाच्या बाथरूमखाली कोण राहतं, हे सगळं कळतं, नकाशात ते नसतं.

बघायचं काय? सगळ्यात आधी कॉलम आणि बीम, म्हणजे खांब आणि त्यावरचे आडवे. प्लास्टरवर केसासारख्या बारीक रेषा कुठल्याही जुन्या भिंतीवर असतात, त्यानं घाबरू नका. पण कॉलमच्या उभ्या कडेनं सरळ वर जाणारी तडा, तिच्याशी तपकिरी डाग, तिथे काँक्रीट फुगलेलं किंवा ढलपी पडून सळई दिसतेय, हे गंभीर. होतं काय की काँक्रीट जुनं होत जातं तसा हवेतला कार्बन डायऑक्साइड आत शिरत जातो आणि सळईला गंजापासून वाचवणारा काँक्रीटचा गुण कमी होतो, मग ओल लागली की सळई गंजते, आणि गंज मूळ लोखंडापेक्षा बरीच जास्त जागा घेतो, म्हणून तो आतून काँक्रीट फोडून बाहेर येतो. अशा जागी नुसतं सिमेंट थापून रंग मारणं म्हणजे गंज झाकणं. तो आत वाढतच राहतो. गॅलरीच्या स्लॅबखाली नाण्यानं ठोकून बघा, भरीव आवाज आला तर ठीक, पोकळ बद्द आवाज आला तर ते प्लास्टर कधीही खाली येणार, त्याखाली मुलांना खेळू देऊ नका, स्कूटर लावू नका.

तळमजल्यावर नुसते खांब आणि पार्किंग असेल तर ते खांब जास्त नीट बघा. २६ जानेवारी २००१ च्या भूकंपाचं केंद्र कच्छमध्ये होतं पण अहमदाबादमध्येही कितीतरी बहुमजली बिल्डिंगा बसल्या, त्यातल्या बऱ्याच अशाच खाली मोकळं पार्किंग असलेल्या होत्या. आणि बडोद्यातलं उदाहरण द्यायचं तर २०१३ च्या ऑगस्टमध्ये पहाटे अटलादऱ्याला माधवनगरच्या इमारती कोसळल्या आणि ११ माणसं गेली. हे घाबरवायला सांगत नाहीये. लढाईतून आलेला माणूस छप्पर आहे ना डोक्यावर, बस झालं, असं म्हणून इतर सगळ्याकडे कानाडोळा करतो, म्हणून सांगतेय.

गंभीर दिसलं की स्ट्रक्चरल इंजिनिअर बोलवा, काँट्रॅक्टर नाही. काँट्रॅक्टरला काम विकायचं असतं. बडोद्यात १८९० साली सयाजीरावांनी तंत्रशिक्षणासाठी कलाभवन काढलं आणि आज त्याच जागी युनिव्हर्सिटीची इंजिनिअरिंग फॅकल्टी आहे, त्यामुळे इथे सिव्हिल शिकलेल्या माणसांची कमी नाहीये. इंजिनिअर रिबाउंड हॅमरनं पृष्ठभागाची ताकद बघतो, अल्ट्रासोनिकनं आतली पोकळी बघतो, आणि काँक्रीट थोडं फोडून त्यावर फिनॉल्फ्थॅलीन टाकतो, गुलाबी झालं तर काँक्रीट अजून सळईला सांभाळतंय, रंगच आला नाही तर नाही. ही शेवटची टेस्ट स्वस्त आहे आणि डोळ्यांना दिसते, म्हणून सगळ्या राहणाऱ्यांसमोर करून घ्या, नंतर मीटिंगमध्ये वाद निम्मे होतात. रिपोर्ट लेखी घ्या. त्यात आधी काय, नंतर काय असा क्रम पाहिजे.

बिल्डिंग धोकादायक वाटली तर महापालिकेला लेखी कळवता येतं, महापालिका कायद्याच्या कलम २६४ खाली ते दुरुस्तीची किंवा खाली करायची नोटीस देऊ शकतात. वॉर्ड ऑफिसात अर्ज द्या, पोच घ्या. मुख्य कचेरी खंडेराव मार्केटच्या इमारतीत आहे. नोटीस आली की लोक अर्ज करणाऱ्यावर चिडतात, तसं व्हायच्या आधी सगळ्यांना सांगून मगच अर्ज करा.

तोपर्यंत तुमच्या हातात असलेली गोष्ट म्हणजे वजन न वाढवणं. धाब्यावर स्वतःची वेगळी हजार लिटरची टाकी चढवायची इच्छा होते, ती भरली की एक टन होते. आतली भिंत पाडून हॉल मोठा करायचा असेल तर इंजिनिअरला विचारल्याशिवाय हातोडा लावू नका, कॉलमला किंवा बीमला भोक पाडून एसीचा पाईप काढू नका, आणि गॅलरी विटांनी बंद करू नका.

वायरी

जिन्याखालची मीटरपेटी उघडी, वायरी लोंबकळताहेत, शेजारी ओली भिंत, हे चित्र जुन्या बिल्डिंगमध्ये सगळीकडे सारखं. लायसनवाला वायरमन बोलवा, सगळ्या घरांनी मिळून एकदाच, दर वाटून कमी पडतो. त्याच्याकडून अर्थिंग तपासून घ्या आणि प्रत्येक घराला ३० मिलिअँपिअरची आरसीसीबी लावून घ्या, करंट गळायला लागला की ती क्षणात पाडते. एमसीबी वायरी तापण्यापासून वाचवते, माणसाला नाही, त्यामुळे एमसीबी आहे म्हणून आरसीसीबी टाळू नका. आतल्या वायरी जुन्या असतील तर दिव्यांना दीड, पॉवर पॉइंटला अडीच, एसी किंवा गिझरला चार स्क्वेअर एमएमची तांब्याची वायर, आणि एसी लावायच्या आधी वीज कंपनीकडे लोड वाढवून घ्या. मीटर गेलेल्या आजोबांच्या नावावर असेल तर नाव बदलून घ्या, लाईटबिल हा सगळ्यात जास्त मागितला जाणारा कागद आहे.

पुराच्या भागात असाल तर मीटरपेटी आणि पाण्याच्या पंपाचं स्टार्टर वर उचलून घेणं हे २०२४ नंतर बऱ्याच सोसायट्यांनी केलंय, खर्च एकदाच होतो. पूर चढायला लागला की मेन स्विच कोण बंद करणार त्याचं नाव आधीच ठरलेलं असू द्या, आणि तो गावाला गेला तर दुसरं नाव.

पाणी आणि गटार

बडोद्याला पाणी आजव्याच्या सयाजी सरोवरातून आणि मही नदीच्या पात्रातल्या फ्रेंच विहिरींतून (नदीच्या वाळूतलं पाणी ओढणाऱ्या) येतं, ठरल्या वेळेला थोडाच वेळ येतं, खालच्या टाक्यात पडतं आणि पंपानं वरच्या टाकीत चढतं. घाण होते ती ह्या मधल्या दोन ठिकाणी. खालचं टाकं जमिनीत असतं, शेजारून गटाराची लाईन जाते, भिंतीला तडा असेल तर दोन्ही एकमेकांत मिसळतात. बिल्डिंगमध्ये एकाच वेळी दोन-तीन घरांत जुलाब, कावीळ झाली तर आधी टाक्याकडे बघा.

सहा महिन्यांतून एकदा दोन्ही टाक्या रिकाम्या करून घासायच्या. मग भरून हजार लिटरला साधारण दीडशे ग्रॅम ताजी ब्लीचिंग पावडर आधी बादलीत कालवून, वरचं नितळ पाणी टाकीत ओतून, रात्रभर ठेवायचं, सकाळी ते पाणी सोडून द्यायचं, ते प्यायचं नाही. रोजच्या पाण्यासाठी गरज पडलीच, म्हणजे पुरानंतर वगैरे, तर प्रमाण अगदी थोडं असतं, हजार लिटरला अडीच ग्रॅमच्या आसपास आणि मग तासभर थांबायचं. पावडर जुनी झाली की तिची ताकद उडते, उघडं पडलेलं पोतं वापरू नका.

गटार तुंबलं तर महापालिकेची जेटिंग मशीन बोलवा. कुणालाही पैसे देऊन चेंबरमध्ये उतरवू नका, आतल्या वायूनं माणूस क्षणात जातो आणि २०१३ च्या कायद्यानं तसं उतरवणं गुन्हाही आहे. हे पाळायचं म्हणजे पाळायचं, बिल्डिंग कितीही घाईत असो.

माणसं

हा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो.

लढाईतून आलेलं घर बाहेरून ठीक दिसतं. बाबा कामाला जातात, आई भाजी आणते, मुलं खाली खेळतात. पण बडोदं आवाजाचं शहर आहे. उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीच्या पतंगांच्या सणाला, दोन दिवस धाब्यावर स्पीकर आणि रात्री फटाके, नवरात्रात गरबा, दिवाळीत सुतळी बॉम्ब, लग्नाच्या वरातीत बँड, आणि हरणीकडे विमानतळाजवळ राहत असाल तर डोक्यावरून जाणारी विमानं. खार्टुमहून आलेला मुलगा पहिल्या दिवाळीत पलंगाखाली गेला तो दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बाहेर आला नाही. त्या लोकांनी एप्रिल २०२३ मध्ये घरात बसून गोळीबार ऐकला होता, मग बसनं आठशेच्या वर किलोमीटर पोर्ट सुदानपर्यंत, तिथून नौदलाच्या जहाजानं जेद्दा, तिथून विमान. शरीर एवढ्यात विसरत नाही.

नवीन आलेल्यांनी करायचं ते एवढंच की बाजूच्या दोन-तीन घरांना एकदा सांगून ठेवायचं, आमचा मुलगा आवाजानं घाबरतो. लाज वाटायचं कारण नाही. जुन्या राहणाऱ्यांनी करायचं ते असं: फटाके कधी फोडणार ती वेळ ग्रुपवर आधी टाका, त्या घराच्या खिडकीखाली फोडू नका, जोरात दार आपटू नका, रात्री उशिरा दार वाजवायचं असेल तर आधी फोन करा. ७ मे २०२५ ला देशभर नागरी संरक्षणाचं मॉक ड्रिल झालं त्यात बडोदंही होतं. असं काही जाहीर झालं की परत आलेल्या घरी आधी जाऊन सांगा, शक्य असेल तर त्या वेळेला त्यांच्याकडे चहाला बसा.

आणि एक विनंती, काय काय बघितलंत तिकडे, असं जिन्यात थांबवून विचारू नका. सांगायचं असेल तेव्हा ते सांगतील. जेवलात का, गॅसचा बाटला मिळाला का, हे विचारा.

महिना-दीड महिना झाला तरी झोप लागत नाही, सारखी चिडचिड, जेवण तुटलंय, मूल अंथरूण ओलं करायला लागलंय, असं असेल तर डॉक्टरकडे जा. टेली मानस म्हणून सरकारी हेल्पलाइन आहे, १४४१६, ऑक्टोबर २०२२ पासून चालू आहे, फुकट आहे. सयाजी हॉस्पिटलमध्ये मानसोपचार विभाग आहे आणि कारेलीबागेत सरकारी मानसिक आरोग्य रुग्णालय आहे. त्या हॉस्पिटलचं नाव काढलं की आपल्याकडे लोक कुजबुजतात, कुजबुजू द्या.

घरात बसून राहणारी म्हातारी माणसं असतील तर त्यांना सेंट्रल लायब्ररीत घेऊन जा, १९१० पासूनची आहे आणि मराठी पुस्तकं भरपूर आहेत.

सोसायटी आणि पैसे

आधी हे शोधा की सोसायटी रजिस्टर्ड आहे का, आणि असेल तर जिवंत आहे का. बऱ्याच जुन्या बिल्डिंगांमध्ये रजिस्ट्रेशन असतं पण वर्षानुवर्षं मीटिंग नाही, ऑडिट नाही, सेक्रेटरी परदेशात. रजिस्टर्ड असेल तर जिल्हा रजिस्ट्रारच्या ऑफिसात तिचा नंबर टाकून चौकशी होते. मालक असाल तर शेअर सर्टिफिकेट आणि दस्तावेज (खरेदीखत) कोणाच्या नावावर आहेत ते बघा, वेरा बिलावर, म्हणजे घरपट्टीच्या बिलावर, नाव कुणाचं आहे ते बघा, तिन्ही जागी एकच नाव पाहिजे.

नवीन आलेल्या माणसानं लगेच कमिटीत शिरून भाषण करू नये. पण काम मागावं. जिन्यातल्या दिव्याचं काम घ्या, टाकी कधी भरली ते बघायचं काम घ्या, पंपाची चावी ठेवा. कुवेतवाले भाऊ तिकडे प्लँटमध्ये मेंटेनन्स बघायचे, इथे आल्यावर नोकरी मिळत नव्हती तेव्हा त्यांनी पंपाची दुरुस्ती हातात घेतली, मग आजूबाजूच्या सोसायट्यांनी त्यांना बोलवायला सुरुवात केली, आणि त्यातनंच त्यांचा धंदा उभा राहिला. तिकडे तुम्ही काय काम करायचात ते बिल्डिंगमध्ये चार जणांना माहीत असू द्या, नोकरीच्या जाहिरातीपेक्षा ह्यातनं लवकर काम मिळतं. बायकांनीही सांगा, खार्टुमवाल्या भाभी तिकडे अकाउंट्स करायच्या, आता सोसायटीची वही त्यांच्याकडे आहे आणि पहिल्यांदाच हिशोब वेळेवर भिंतीवर लागतो.

पैशाची पद्धत आमच्याकडे अशी आहे: रोजच्या खर्चाचा मेंटेनन्स वेगळा, दुरुस्तीचा फंड वेगळ्या खात्यात, काढायला दोन सह्या. मोठ्या कामाला तीन कोटेशन. काँट्रॅक्टरला ॲडव्हान्स थोडा, बाकी काम होईल तसं, आणि शेवटचा दहावा हिस्सा एक पूर्ण पावसाळा गळती न होता गेल्यावर. ज्या घराची कमाई अजून सुरू झालेली नाही त्यांना हप्ते पाडून द्या, पण माफ करू नका, माफी दिलेल्या घराला मीटिंगमध्ये तोंड उघडायला संकोच वाटतो आणि ते हळूहळू बाजूला पडतं. पैसे नसतील तर काम लावून घ्या, देखरेख, वही, मजुरांना चहापाणी, त्याची किंमत धरा.

धाब्याचं काम पाऊस यायच्या आधी, म्हणजे मे संपेपर्यंत उरकायला पाहिजे, बडोद्यात जूनच्या मध्यानंतर कधीही सुरू होतो. क्रम असा: आधी पिंपळाची रोपं मुळासकट काढा, पाणी जायची भोकं मोकळी करा, मग धाब्याचा उतार भोकांकडे आहे का ते बादलीभर पाणी ओतून बघा, उतार उलटा असेल तर वरून कुठलंही केमिकल लावून उपयोग नाही. वॉटरप्रूफिंग झालं की भोकं बुजवून चोवीस तास पाणी भरून ठेवायचं आणि वरच्या मजल्यावरच्या घरांनी छताला हात लावून बघायचं. ही टेस्ट झाल्याशिवाय चायना मोझॅक (टाइल्सच्या तुकड्यांची फरशी) बसवू देऊ नका. वरच्या मजल्याचं छत गळतं म्हणून खर्च त्यांचाच, असं खालचे म्हणतात, तर धाबं सगळ्यांचं आहे, उत्तरायणाला सगळेच चढतात, खर्चही सगळ्यांचा.

रिडेव्हलपमेंटवाला येईल तेव्हा

जुनी बिल्डिंग बघून बिल्डर येतोच. २०१८ मध्ये गुजरातच्या ओनरशिप फ्लॅट्स कायद्यात दुरुस्ती झाली, कलम ४१ए, त्याप्रमाणे बांधकामाच्या परवानगीला २५ वर्षं झाली असतील किंवा बिल्डिंग धोकादायक ठरली असेल तर ७५ टक्के मालकांच्या संमतीनं रिडेव्हलपमेंट होऊ शकतं. आधी सगळ्यांची संमती लागायची, एक घर अडून बसलं की सगळं अडायचं. हाउसिंग बोर्डाच्या वसाहतींचे नियम वेगळे आहेत, ते बोर्डातच विचारा.

लढाईतून आलेल्या घरावर दोन्हीकडून दबाव येतो. एकीकडे परत घर सोडायचं म्हणताच पोटात गोळा येतो, दुसरीकडे हातात रोख मिळतेय म्हणून घाईत सही होते. दोन्ही मनःस्थितीत सही करू नका. बिल्डर कागद घेऊन एकेका घरी जातो तेव्हा त्याला सांगा की जे काय ते सगळ्यांसमोर मीटिंगमध्ये. कोरी संमती कधीच नाही. बांधकाम चालू असताना दर महिन्याचं भाडं किती आणि कुठपर्यंत, काम रखडलं तर काय, नवीन फ्लॅटचा कार्पेट एरिया किती, पार्किंग कुणाला, बँक गॅरंटी किती, हे करारात लिहिलेलं पाहिजे आणि सोसायटीनं स्वतःचा वकील आणि स्वतःचा इंजिनिअर लावायला पाहिजे, बिल्डरनं दिलेला नाही. बिल्डिंगमध्ये भाडेकरू असतील तर त्यांना तारीख आधी कळवा म्हणजे मुलांचं शाळेचं वर्ष मोडत नाही. आणि खाली करायच्या दिवशी कागदांचा तो फोल्डर टेम्पोत टाकू नका, स्वतःच्या हातात ठेवा.